जर्कचे वाटण: तिखट, गोडी आणि पिमेंटोचा धूर

कॅरिबियन समुद्रातील जमैका या बेटावर डुकराचे किंवा कोंबडीचे मांस तिखट-गोड वाटणात मुरवून पिमेंटोच्या लाकडावर मंद धगीने भाजण्याची जी पद्धत रूढ आहे, तिला जर्क म्हणतात, आणि त्या वाटणालाही हेच नाव दिले जाते. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात जमैकन स्थलांतरितांबरोबर हा पदार्थ लंडन, न्यूयॉर्क आणि टोरांटोच्या रस्त्यांवर पोहोचला, नॉटिंग हिलच्या कार्निव्हलमध्ये उभ्या कापलेल्या तेलाच्या पिंपांवर भाजला जाऊ लागला आणि पुढे बाटलीत बंद होऊन जगभरच्या दुकानांतही दिसू लागला. मात्र ज्यांनी तो केवळ बाटलीतून चाखला आहे, त्यांची समजूत अशी होण्याचा संभव आहे की जर्क म्हणजे मांसावर फासण्याचा एक गोड, चिकट, किंचित झोंबणारा लेप. प्रत्यक्षात या वाटणातील गोडीचा मोठा वाटा साखरेचा नसून मसाल्याचा आहे. साखर त्यात उशिरा आली, थोडीच लागते, आणि ती कधी घालावी हे कळणे हाच हा पदार्थ साधण्याचा निम्मा भाग आहे.

इतिहासाकडे पाहिल्यास ही गोष्ट स्पष्ट होते. स्पॅनिश लोक १४९४ मध्ये कोलंबसाबरोबर जमैकात प्रथम उतरले तेव्हा तेथे ताइनो समाजाची वस्ती होती, आणि लाकडी चौकटीवर मासे व मांस ठेवून खालच्या विस्तवाने ते हळूहळू भाजण्याची व धुरवण्याची रीत या समाजात होती. स्पॅनिशांनी डुकरे आणली, ती रानात सुटून रानटी झाली. त्यांनीच आफ्रिकेतून गुलाम माणसेही आणली. १६५५ मध्ये इंग्रजांनी बेट जिंकले तेव्हाच्या धामधुमीत आणि पुढेही सातत्याने अनेक गुलाम डोंगराळ भागात निसटून गेले. गुलामगिरीतून निसटून स्वतंत्र वसाहती करणाऱ्या या लोकांना मरून म्हणतात. पूर्वेकडील ब्लू आणि जॉन क्रो पर्वत आणि पश्चिमेकडील कॉकपिट कंट्री हा चुनखडीच्या टेकड्यांचा प्रदेश ही त्यांची दोन मुख्य आश्रयस्थाने होत. इंग्रज सैन्याशी त्यांनी दीर्घ काळ लढा दिला आणि अखेर १७३९ व १७४० मध्ये इंग्रजांना त्यांच्याशी तह करावे लागले. पूर्वेकडील मरूनांची नेता नॅनी हिला आज जमैकाच्या राष्ट्रीय वीरांमध्ये स्थान असून पाचशे डॉलरच्या नोटेवर तिचे चित्र आहे.

डोंगरात दडून राहणाऱ्या या लोकांचे मुख्य मांस म्हणजे रानडुक्कर. मोठे जनावर मारल्यावर ते एका दिवसात संपत नाही आणि उष्ण, दमट हवेत ते टिकतही नाही. म्हणून मीठ, तिखट आणि धूर यांचा आधार घ्यावा लागला. धुराचा लोट वर गेला तर सैन्याला ठावठिकाणा कळेल, म्हणून मांस जमिनीत खणलेल्या खड्ड्यात झाकून शिजवीत, असे मरून परंपरेत सांगितले जाते. या वाटणाची सुरुवात अशा रीतीने मांस टिकवण्याच्या गरजेतून झाली, चवीचा विचार त्यात मागाहून मिसळला.

लेखी नोंदींतून हा बदल टप्प्याटप्प्याने दिसतो. हान्स स्लोन हा वैद्य व निसर्गअभ्यासक १६८७ मध्ये जमैकात आला. याच्याच संग्रहातून पुढे ब्रिटिश म्युझियम उभे राहिले. १७०७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्याच्या प्रवासग्रंथात रानडुकराची हाडे काढून, मांसाला आतल्या बाजूने खोल चिरा देऊन, त्यांत मीठ भरून ते उन्हात वाळवण्याची रीत वर्णिली आहे. तेथे मिरची नाही, साखर तर नाहीच. आहे ती चीर आणि मीठ. त्यानंतर शतकाहून अधिक काळाने, १८१६ मध्ये, मॅथ्यू लुईस हा इंग्रज लेखक आपल्या जमैकातील मळ्यांवर आला असताना त्याला मरून पद्धतीचे डुक्कर खायला मिळाले, आणि त्याच्या दैनंदिनीत मिरची व सुगंधी मसाले भरून, केळीवर्गीय पानांत गुंडाळून, तापलेल्या दगडांच्या खड्ड्यात शिजवलेल्या मांसाचे वर्णन येते. १९३६ मध्ये अमेरिकन लेखिका आणि लोकसंस्कृतीची अभ्यासक झोरा नील हर्स्टन अकाँपाँग या गावच्या मरूनांबरोबर रानडुकराच्या शिकारीला गेली. १९३८ च्या तिच्या पुस्तकातही मीठ, मिरची, मसाला आणि रात्रभराचा विस्तव एवढीच सामग्री आहे. साखरेचा उल्लेख या तिन्ही ठिकाणी नाही, आणि त्याचे नवल वाटू नये: ज्या उसाच्या मळ्यांतून ही माणसे पळाली, त्याच मळ्यांचे ते पीक होते.

१८३८ मध्ये जमैकातील गुलामगिरी पूर्णपणे संपुष्टात आल्यावर मळेवाल्यांनी आशियातून करारबद्ध मजूर आणले. १८४५ मध्ये पहिले भारतीय मजूर ओल्ड हार्बर बे येथे उतरले आणि १८५४ मध्ये चिनी मजूर आले. आजच्या वाटणात सर्रास दिसणारा सोया सॉस चिनी समाजाच्या स्वयंपाकाशी जोडलेला आहे. डोंगरातील मांस रस्त्याकडेच्या टपरीवर आले, पोर्टलंड परगण्यातील बोस्टन बे हे गाव त्यासाठी प्रसिद्ध झाले, डुकराच्या जोडीला कोंबडी आली, आणि तपकिरी साखर, लिंबू, जायफळ, दालचिनी यांनी वाटण भरत गेले. या भरीला बिघाड म्हणण्याचे कारण नाही. प्रश्न प्रमाणाचा आहे, आणि त्यासाठी घटकांची ओळख नीट करून घ्यावी लागते.

या वाटणाचा कणा म्हणजे पिमेंटो, जो मसाल्याच्या बाजारात ऑलस्पाइस म्हणून ओळखला जातो. पिमेंटा डायोइका हा सदाहरित वृक्ष जांभूळ, पेरू आणि लवंग यांच्याच कुळातला आहे. त्याची फळे हिरवी, अपक्व असतानाच तोडून उन्हात वाळवतात. पिकून जांभळी झाली की त्यांचा सुगंध बराचसा उतरतो. वाळलेले फळ मिऱ्यापेक्षा थोडे मोठे, खरबरीत आणि तपकिरी असते, आणि ते हलवले तर आतल्या बिया खुळखुळतात. त्यातील तेलाचा मुख्य घटक युजेनॉल हा आहे, जो लवंगेतही असतो. म्हणून दाणा दाताखाली फोडला की प्रथम लवंगेची आठवण होते, मग दालचिनी आणि जायफळासारखी उबदार गोडसर चव मागे रेंगाळते. जर्कची जी गोडी मुळात आहे, ती ही. जिभेला साखर न मिळताही नाक आणि टाळू तिला गोड मानतात, कारण हे सुगंध आपण नेहमी गोड पदार्थांबरोबरच अनुभवलेले असतात. कोकण आणि गोव्यातील मसाल्याच्या बागांत ऑलस्पाइसची झाडे लावलेली आढळतात आणि त्यांची पाने पुलाव-बिर्याणीत वापरली जातात. त्यामुळे मराठी वाचकाला हा वास अगदीच परका वाटणार नाही.

दुसरा स्तंभ स्कॉच बॉनेट ही मिरची. तिचा तिखटपणा मोजण्याच्या स्कोव्हिल एककांत एक लाख ते साडेतीन लाखांपर्यंत भरतो, म्हणजे बाजारात मिळणाऱ्या हालापेन्यो मिरचीच्या कितीतरी पट. परंतु जमैकन स्वयंपाकात तिला जो मान आहे तो केवळ जळजळीमुळे नाही. तिला पिकलेल्या फळासारखा स्पष्ट वास आहे आणि तोही वाटणाच्या गोडीत भर घालतो. महाराष्ट्रात तिच्याऐवजी लवंगी मिरची घेतल्यास तिखटपणा मिळेल, पण तो फळाचा वास मिळणार नाही; हबानेरो मिळाल्यास ती अधिक जवळची, कारण दोन्ही एकाच जातीच्या आहेत. मिरचीतील झोंबणारे द्रव्य, कॅप्सायसिन, बियांत नसून बिया धरून ठेवणाऱ्या पांढऱ्या गाभ्यात सर्वाधिक असते. तेव्हा तिखट कमी करायचे असल्यास तो गाभा काढावा आणि गर ठेवावा. कॅप्सायसिन पाण्यात विरघळत नाही, तेलात विरघळते. म्हणून मिरची चिरण्यापूर्वी हाताला तेल लावावे किंवा हातमोजे घालावेत, आणि वाटणात तेल घालण्याचे एक कारणही हेच, की त्यामुळे तिखट व सुगंध दोन्ही सारखे पसरतात. तोंडातील ज्या संवेदकावर कॅप्सायसिन काम करते तोच संवेदक सुमारे ४३ अंश सेल्सियसच्या पुढील उष्णताही ओळखतो. डेव्हिड ज्युलियस यांनी १९९७ मध्ये तो शोधून काढला आणि २०२१ मध्ये त्यांना नोबेल पारितोषिकाचा वाटा मिळाला. तिखट खाल्ल्यावर तोंड भाजल्यासारखे वाटते ते या अर्थाने खरेच भाजल्याचे संवेदन असते.

बाकीची सामग्री ओळखीची आहे. पातीचा कांदा, आले, लसूण, मिरे, थोडे जायफळ व दालचिनी हे सर्व आपल्या स्वयंपाकघरात असतेच. लिंबूही आपलेच कागदी लिंबू चालते, कारण कॅरिबियनमधील लहान लिंबू त्याच जातीचे आहे. अडचण येते ती थाइम या औषधी वनस्पतीची, जिच्याशिवाय जर्कचा वास अपुरा राहतो. तिच्यातील थायमॉल हे द्रव्य ओव्यातही असते. तेव्हा थाइम न मिळाल्यास चिमूटभर ओवा वाटणात टाकता येतो, मात्र ओवा फार उग्र असल्याने चिमटीपुढे जाऊ नये.

आता मुरवण्याची क्रिया. वाटण रात्रभर लावून ठेवले की मसाला मांसाच्या आतपर्यंत झिरपतो अशी सार्वत्रिक समजूत आहे, आणि ती बहुतांशी चुकीची आहे. मांसात सुमारे तीन चतुर्थांश पाणी असते. युजेनॉल, थायमॉल, कॅप्सायसिन यांसारखी सुगंधी व तिखट द्रव्ये तेलात विरघळणारी असल्यामुळे त्या ओल्या, घट्ट तंतूंच्या जाळ्यात ती फार आत जात नाहीत आणि वरच्या काही मिलिमीटरांतच थांबतात. आत जाते ते मीठ. मिठाचे सूक्ष्म कण पाण्यातून हळूहळू सरकतात, स्नायूंतील मायोसिन या प्रथिनाची रचना सैल करतात आणि भाजताना पाणी धरून ठेवण्याची मांसाची शक्ती वाढवतात. त्यामुळे नीट मुरलेले मांस आतून खारे-चविष्ट आणि रसदार राहते. साखर त्याहून संथ गतीने आणि कमी जाते. लिंबाचा आंबटपणा पृष्ठभागावरची प्रथिने आखडवतो, आणि तो जास्त झाला किंवा फार वेळ राहिला तर वरचा थर पिठूळ, कोरडा होतो.

हे लक्षात घेतले की स्लोनने नोंदवलेल्या चिरांचे महत्त्व कळते. मसाला आत जात नसेल तर मांसाचा पृष्ठभागच वाढवावा, हा त्यामागचा साधा विचार आहे, आणि तीनशे वर्षांनंतरही जर्क करणारा माणूस कोंबडीच्या तंगडीला हाडापर्यंत दोन-तीन खोल चिरा देतो व वाटण त्यात बोटाने दाबून भरतो. कोळणीने बांगड्याला तिरक्या चिरा देऊन दिल्या की गोव्यातल्या घरात त्यांत रेशाद मसाला भरतात, तोही याच युक्तीचा भाग होय. पोर्तुगीजांनी अमेरिकेतून आणलेली मिरची, लवंग, दालचिनी, मिरे, व्हिनेगर आणि चमचाभर साखर असे रेशादचे घटक पाहता जर्कशी त्याचे साम्य ठळक आहे, जरी दोघांचा प्रवास वेगळ्या वाटांनी झालेला असला तरी.

दीड किलो हाडासकट कोंबडीच्या तंगड्यांसाठी प्रमाण पुढीलप्रमाणे घेता येईल. ऑलस्पाइसचे अख्खे दाणे दोन मोठे चमचे, हे कोरड्या तव्यावर वास सुटेपर्यंत मंद भाजून भरड कुटावेत. तयार पूड घेतल्यास सुगंध बराचसा उडालेला असतो. त्यात एक लहान चमचा मिरे, अर्धा लहान चमचा दालचिनीची पूड आणि तेवढेच किसलेले जायफळ घालावे. पातीच्या कांद्याच्या सहा काड्या, लसणाच्या सहा पाकळ्या, बोटाच्या पेराएवढे आले, थाइमची मोठा चमचाभर पाने आणि दोन स्कॉच बॉनेट मिरच्या यांच्याबरोबर दोन मोठे चमचे सोया सॉस, तीन मोठे चमचे तेल आणि एका लिंबाचा रस घालून हे सर्व वाटावे. मीठ सुमारे १५ ग्रॅम पुरते, कारण सोया सॉसमध्येही मीठ असते. साखर एक मोठा चमचा, तपकिरी किंवा गुळाच्या रूपात. वाटण गंधासारखे गुळगुळीत होऊ देऊ नये. मिक्सर थांबवत-थांबवत फिरवावा म्हणजे पातीचे तुकडे आणि दाण्यांची भरड दिसत राहते, भाजताना हीच भरड मांसाला धरून राहते व ठिकठिकाणी करपून खमंग होते. पाटा-वरवंटा असेल तर तो या कामी मिक्सरहून सरस ठरतो.

वाटण लावलेले मांस काचेच्या किंवा स्टीलच्या भांड्यात, फ्रिजमध्ये पाच अंशांखाली बारा ते चोवीस तास ठेवावे. ॲल्युमिनियम किंवा कल्हई नसलेले तांबे-पितळ आंबटाशी क्रिया करते, म्हणून टाळावे. मासळीला मात्र तासभर पुरे. कच्च्या मांसाला लागलेले उरलेले वाटण शिजलेल्या मांसावर तसेच ओतू नये, चांगले उकळल्याशिवाय वापरू नये.

सर्वांत जास्त चुका विस्तवापाशी होतात आणि त्यांचे मूळ साखरेत असते. मांसावर येणारा तपकिरी रंग व खमंगपणा मुख्यतः मायार अभिक्रियेमुळे येतो. फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ लुई-कामीय मायार यांनी १९१२ मध्ये वर्णिलेली ही अभिक्रिया प्रथिनांतील अमिनो आम्ले आणि काही शर्करा यांच्यात घडते व सुमारे १४० अंशांच्या पुढे वेग घेते. साधी साखर १६० अंशांच्या आसपास वितळून तपकिरी होऊ लागते, मधातील फलशर्करा तर ११० अंशांनाच; आणि तापलेल्या निखाऱ्यांवरची जाळी या दोन्ही आकड्यांच्या खूप पुढे असते. साखर भरपूर घातलेले वाटण थेट धगीवर ठेवले तर पाच-सात मिनिटांत बाहेरून काळे पडते आणि हाडाजवळचे मांस गुलाबी राहते. मांस जितके जास्त करपते तितकी आरोग्याला घातक मानली जाणारी द्रव्येही वाढतात, ही बाब वेगळीच.

यावर उपाय दोन. पहिला, निखारे चुलीच्या एका बाजूला सारावेत, मांस दुसऱ्या बाजूला ठेवावे आणि वर झाकण घालावे, म्हणजे आतली हवा दीडशे ते एकशे सत्तर अंशांच्या दरम्यान राहून मांस भाजते व धुरही खाते. दुसरा, साखरेचा वाटा दोन वेळांना विभागावा: वाटणात चमचाभरच घालावी आणि आणखी चमचाभर लिंबाच्या रसात व थोड्या बाजूला काढून ठेवलेल्या, मांसाला न लागलेल्या वाटणात विरघळवून शेवटच्या दहा मिनिटांत ब्रशने लावावी. त्या वेळी मांस आधीच शिजलेले असते, साखरेला फक्त चकाकी आणि हलका कडूपणा आणायचा असतो, आणि तेवढ्यासाठी थेट धगीवर एकेका बाजूला दोन मिनिटे पुरतात. तंगड्यांना एकूण तासभर लागतो. थर्मामीटर असल्यास हाडाजवळचे तापमान किमान ७४ अंश झाले आहे याची खात्री करावी. डुकराच्या खांद्याचे मांस मात्र याहून बरेच पुढे, ८५ ते ९० अंशांपर्यंत न्यावे लागते, कारण त्यातील चिवट कोलॅजन हळूहळू विरघळून जिलेटिन झाल्याशिवाय ते मऊ होत नाही.

बोस्टन बे येथे जाळीच नसते. पिमेंटोच्या ओल्या काठ्या निखाऱ्यांवर आडव्या मांडतात, मांस थेट त्यांच्यावर ठेवतात आणि वरून पन्हळी पत्र्याने झाकतात. काठ्यांतील तेल तापून जो सुगंध सुटतो तो खालून मांसात शिरतो. वाटणात आणि लाकडात एकाच झाडाचे तेल असल्यामुळे येथे मसाला आणि धूर यांच्यात फरक उरत नाही, आणि कोणत्याही बाटलीला जे साधत नाही ते नेमके हे. २०१८ मध्ये ब्रिटनमध्ये जेमी ऑलिव्हर या प्रसिद्ध शेफच्या नावाने विकल्या जाणाऱ्या जर्क भातावरून वाद उठला तेव्हा, भाताला जर्क म्हणता येते का, हा जमैकन टीकाकारांचा एक मुद्दा होता. जमैकाने जर्कसाठी भौगोलिक मानांकनही मिळवले आहे. ही केवळ मालकीची भांडणे आहेत असे मानणे अन्यायाचे ठरेल, कारण ज्या समाजाने हा पदार्थ जीव मुठीत धरून घडवला त्याचे श्रेय त्या समाजाकडेच राहावे ही अपेक्षा योग्यच आहे.

पिमेंटोचे लाकूड बेटाबाहेर दुर्मीळ असल्याने परदेशस्थ जमैकन मूठभर ऑलस्पाइस आणि काही तमालपत्रे अर्धा तास पाण्यात भिजवून निखाऱ्यांवर टाकतात, आणि कोठेही हीच तडजोड सर्वांत बरी. आपल्याकडे पेरूचे वाळलेले लाकूड त्याच कुळातले असल्याने धुरासाठी वापरता येईल, परंतु त्याला पिमेंटोचा सुगंध नाही. भाजलेले मांस दहा मिनिटे तसेच राहू द्यावे, मग जड सुऱ्याने हाडासकट तुकडे करावेत. जमैकात त्याच्याबरोबर फेस्टिव्हल नावाचे मक्याच्या पिठाचे किंचित गोड तळलेले गोळे, कसाव्याच्या भाकरीसारखी बामी, किंवा निखाऱ्यात सालासकट भाजलेला ब्रेडफ्रूट देतात. १७९३ मध्ये कप्तान विल्यम ब्लाय यांनी प्रशांत महासागरातील ताहितीहून गुलामांचे स्वस्त अन्न म्हणून जमैकात आणलेले हे फळ कोकणात नीरफणस म्हणून मिळते, आणि त्याच्या भाजलेल्या फोडींनी जर्कचे तिखट फार छान निवते.